जर्नलचे डावे पान

माननीय संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

निकाल लागले की रत्नागिरी, चिपळूण, कुडाळ, सावंतवाडीच्या बाजारपेठांत संगणक अभ्यासक्रमांचे फलक लागतात. सॉफ्टवेअर शिकायचे तर पुण्या-मुंबईलाच जायला हवे ही समजूत आता मागे पडत चालली आहे, याचा आम्हाला आनंद आहे. मात्र या शिक्षणात एक सवय खोलवर रुजली आहे. तिच्यामुळे चांगली समज असलेली मुलेही पहिल्या वर्षातच हात आखडता घेतात. ही सवय म्हणजे चूक लपवण्याची, आणि तिची सुरुवात होते प्रॅक्टिकलच्या जर्नलपासून.

जर्नल कसे भरले जाते हे सर्वांना ठाऊक आहे. फळ्यावरचा किंवा व्हॉट्सॲपवर आलेला प्रोग्रॅम सुवाच्य अक्षरात उतरवायचा, खाली आउटपुट लिहायचे, सही घ्यायची, सबमिशन करायचे. त्या वहीतला एकूण एक प्रोग्रॅम पहिल्याच फटक्यात बरोबर आलेला असतो. खाडाखोड नाही, अडलेले काही नाही. मग तोच विद्यार्थी घरी स्वतःच्या मनाने काही लिहायला बसतो, पडद्यावर तांबडी अक्षरे येतात, आणि तो ठरवून टाकतो की हे आपले काम नव्हे. ज्यांना जमते ते एकदम बरोबर लिहितात, असा धडा त्याला जर्नलनेच दिलेला असतो.

प्रत्यक्षात वर्षानुवर्षे या धंद्यात असलेली माणसेही दिवसाचा मोठा भाग 'हे का चालत नाही' याचा शोध घेण्यातच घालवतात. हा शोध कसा घ्यायचा, ते मात्र कुठल्या प्रॅक्टिकलमध्ये शिकवले जात नाही. म्हणून आपल्याकडचाच एक लहान प्रोग्रॅम घेऊन तो कुठे कुठे अडतो, ते सविस्तर लिहितो.

तिथीला पाऊणने गुणले की भरतीची वेळ येते, हा हिशेब किनाऱ्यावर जुना आहे. चतुर्थीला ३, अष्टमीला ६, द्वादशीला ९. दुसरी भरती त्यानंतर साधारण १२ तास २५ मिनिटांनी. पायथॉन या प्रोग्रॅमिंगच्या भाषेत हा प्रोग्रॅम तीन ओळींचा आहे: तिथी विचारायची, ०.७५ ने गुणायची, उत्तर छापायचे. नवशिक्याने तो लिहिला आणि पंचमीसाठी ५ टाइप केले, की दुसऱ्या ओळीवर प्रोग्रॅम थांबतो. संदेश येतो 'टाइपएरर', आणि पुढे मजकूर असा, की सीक्वेन्सला पूर्णांक नसलेल्या संख्येने गुणता येत नाही. आता इथे सीक्वेन्स कुठून आला? तर इनपुट या आज्ञेने मिळणारी गोष्ट नेहमी अक्षरमालिका असते. पाच हा आकडा नव्हे, पाचचे चिन्ह. तिला इंट ही आज्ञा लावून आकडा करून घ्यावा लागतो. चूक पहिल्या ओळीत होती, प्रोग्रॅम थांबला दुसऱ्या ओळीवर.

हे एवढे कळले तरी अर्धी लढाई जिंकली. संदेशातला ओळ क्रमांक प्रोग्रॅम कुठे थांबला ते सांगतो, चूक कुठे झाली ते सांगतोच असे नाही. म्हणून वाचायचा क्रम असा ठेवावा: सर्वांत खालची ओळ आधी, कारण चुकीचा प्रकार तिथे असतो. मग तिच्या वरचा ओळ क्रमांक. मग त्या ओळीवर वापरलेली प्रत्येक वस्तू कुठून आली याचा मागोवा घेत वर जायचे. शंका आली की मध्ये एक प्रिंट घालून ती वस्तू आणि तिचा टाइप दोन्ही छापून पाहायचे. बहुतेक मुले उलट करतात. वरून वाचायला लागतात, इंग्रजी दिसते, बावचळतात आणि संदेश वाचायच्या आधीच कोडमध्ये इकडेतिकडे बदल करू लागतात.

इंग्रजीची भीती इथे फार आडवी येते, म्हणून एक गोष्ट ठामपणे सांगतो. सुरुवातीच्या वर्षात भेटणारे पायथॉनचे चुकांचे प्रकार दहा-बाराच आहेत. सिंटॅक्स म्हणजे लिहिण्याच्या नियमात चूक: कंस किंवा अवतरण उघडे राहिले, कोलन विसरला. इंडेंटेशन म्हणजे ओळीच्या सुरुवातीची जागा बिघडली. नेम म्हणजे त्या नावाचे काही अजून अस्तित्वात नाही, बहुधा स्पेलिंग चुकले. टाइप म्हणजे आकड्याच्या जागी अक्षरे किंवा उलट. व्हॅल्यू म्हणजे प्रकार बरोबर पण आतला ऐवज चुकीचा, जसे इंटला 'पाच' हा शब्द दिला. इंडेक्स म्हणजे दहा वस्तूंच्या यादीत अकरावी मागितली. यांची मराठीत एक यादी करून भिंतीवर लावली, की महिन्याभरात पाहायचीही गरज उरत नाही. पायथॉनच्या ३.१० या आवृत्तीपासून संदेशही बरेच सुधारले आहेत. कंस उघडा राहिला असेल तर कोणता, तेही तो दाखवतो. प्रयोगशाळेतल्या संगणकांवर जुनी आवृत्ती असेल तर ती बदलून घ्यावी, त्याला पैसे पडत नाहीत. सी ही भाषा शिकणाऱ्यांसाठी वेगळी सूचना: एक महिरपी कंस राहिला तर कंपायलर, म्हणजे कोडचे यंत्राच्या भाषेत रूपांतर करणारा प्रोग्रॅम, चुकांची लांबलचक रांग लावतो. त्यातली फक्त पहिली दुरुस्त करावी आणि पुन्हा कंपाइल करावे. बाकीच्या बऱ्याचशा आपोआप नाहीशा होतात.

आता भरतीकडे परत. इंट लावल्यावर पंचमीचे उत्तर येते ३.७५, आणि तांबडे अक्षर एकही नाही. विद्यार्थी समाधानाने सबमिशन करतो. पण ३.७५ म्हणजे पावणेचार, म्हणजे ३:४५. घड्याळात ७५ मिनिटे नसतात. हा चुकीचा दुसरा प्रकार, यात यंत्र गप्प राहते. उपाय सोपा आहे: तासांऐवजी मिनिटांत हिशेब करायचा. पाऊण तास म्हणजे ४५ मिनिटे, म्हणून तिथी गुणिले ४५. पंचमीला २२५. त्याला ६० ने भागून पूर्ण भागाकार ३ हे तास, बाकी ४५ ही मिनिटे. (इथे इंट लावायला विसरले तर गंमत पाहा: पायथॉन तक्रार न करता पाच हे चिन्ह ४५ वेळा एकापुढे एक ठेवतो आणि पुढच्या ओळीवर, भागाकार करताना अडतो.)

चतुर्थीला उत्तर येते ३:०. हवे असते ३:००. मिनिटे दोन अंकी छापायची सोय करावी लागते. आणखी एक अडचण: पंचांगात अमावास्येपुढे ३० लिहिलेले असते. ते तसेच टाइप केले तर १३५० मिनिटे, म्हणजे २२:३०. ही वेळ चूक आहे, कारण या हिशेबात कृष्ण पक्षही १ पासून मोजतात आणि अमावास्या १५ धरतात. त्याने ११:१५ येते. म्हणजे ३० आले तर १५ करायचे, आणि ० किंवा १६ आले तर हिशेब न करता पुन्हा विचारायचे.

याच्याही पुढे जी चूक आहे ती कोकणातल्या मुलालाच सापडेल. तिथीची वृद्धी झाली की सलग दोन सूर्योदयांना एकच तिथी असते. प्रोग्रॅम दोन्ही दिवशी भरतीची तीच वेळ सांगतो, आणि समुद्रात मात्र भरती रोज सुमारे ५० मिनिटे उशिरा येते. क्षय तिथीला, म्हणजे जी एकाही सूर्योदयाला नसते तिला, उलटा घोळ. शिवाय दाभोळच्या मुखाशी जी वेळ, ती वाशिष्ठीतून वर गोवळकोटला नसते, भरती आत पोचायला वेळ लागतो. आणि मुळात पाऊणपटीचा नियमच अंदाजाचा आहे, अर्धा तास इकडेतिकडे होतोच. घरात मासेमारी करणारे कोणी असेल तर प्रोग्रॅम त्यांना दाखवावा. उधाण (मोठी भरती) आणि भांग (लहान भरती) यांचा फरक त्यात कुठेच नाही, हे ते पहिल्या मिनिटाला सांगतील. तीन ओळींच्या प्रोग्रॅममधून भागाकार, बाकी, अटी, तपासणी आणि विषयाचे ज्ञान एवढे सगळे निघाले ते प्रत्येक आवृत्ती अपुरी होती म्हणून. जर्नलमध्ये यातली फक्त शेवटची उतरली असती.

शिकणाऱ्याची प्रगती मोजायची ती इथे. अभ्यास वाढला म्हणून चुका थांबत नाहीत, त्यांची जात बदलते. पहिल्या महिन्यात कंस आणि इंडेंटेशन. मग प्रोग्रॅम सुरू होतो पण मध्येच कोसळतो. मग तो शेवटपर्यंत चालतो पण उत्तर चुकते. आणि त्यानंतर उत्तर बरोबर असते, पण प्रश्नच अर्धवट समजलेला असतो, वृद्धी तिथीसारखा. सहा महिन्यांपूर्वी कंसावर अडणारी मुलगी आज अमावास्येवर अडत असेल, तर ती खूप पुढे आली आहे. गुणपत्रिकेत हे कुठेही दिसत नाही, आणि तिला स्वतःलाही दिसत नाही. तिला एवढेच जाणवते की आपण अजूनही अडतो आहोत. म्हणून तारीख घालून जुन्या चुकांची नोंद ठेवणे गरजेचे आहे. दर दोन महिन्यांनी ती पाने उलटून पाहावीत.

डोनाल्ड कनुथ हे संगणकशास्त्रातले फार मोठे नाव. गणिताची पुस्तके जुळवण्यासाठी त्यांनी टेक नावाची प्रणाली लिहिली, आणि १९७८ पासून तिच्यातल्या चुकांची नोंद ठेवली, ती प्रसिद्धही केली. चूक दाखवणाऱ्याला ते बक्षीस देत आले; २ डॉलर ५६ सेंटपासून सुरू झालेली ही रक्कम दुप्पट होत ३२७ डॉलर ६८ सेंटपर्यंत गेली. प्रणालीच्या आवृत्तीचा क्रमांक गणितातल्या पाय (π) या संख्येच्या किमतीकडे एकेक अंकाने सरकतो: ३.१४, ३.१४१, असा. २०२१ मध्येही त्यात दुरुस्त्या झाल्या. एवढ्या अधिकाराचा माणूस चार दशके आपल्या चुकांची वही उघडी ठेवतो. आपल्या पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्याला तशी वही ठेवायला आपण कधी सांगतच नाही.

मराठीतून काम करणाऱ्यांना आणखी काही गोष्टी आधीच माहीत हव्यात, कारण इंग्रजी पुस्तकांत त्या सहसा सापडत नाहीत आणि मुलांना दोष आपला वाटतो. 'रत्नागिरी' हा शब्द डोळ्यांना चार अक्षरांचा दिसतो. पायथॉनला लांबी विचारली तर तो ९ सांगतो, कारण हलन्त, काना, वेलांटी हे प्रत्येक वेगळे चिन्ह आहे. फाइलमध्ये, अक्षरे साठवण्याच्या यूटीएफ-८ या पद्धतीत (अशा पद्धतीला एन्कोडिंग म्हणतात), तोच शब्द २७ बाइट घेतो. पहिली तीन चिन्हे कापून घेतली तर 'रत्' असे पाय मोडलेले अक्षर हाती येते. विंडोजवर मराठी मजकूर फाइलमध्ये लिहिताना एन्कोडिंग यूटीएफ-८ असे स्पष्ट दिले नाही, तर 'चारमॅप' असा उल्लेख असलेली युनिकोडची चूक येते. सीएसव्ही फाइल एक्सेलमध्ये उघडल्यावर मराठीच्या जागी चित्रविचित्र चिन्हे आली, तर ती यूटीएफ-८-सिग या एन्कोडिंगने पुन्हा लिहावी. आणि हे एक सुखद आश्चर्य: पायथॉनमध्ये चलाची नावे मराठीत ठेवता येतात, वापरणाऱ्याने मराठी आकडा टाइप केला तरी इंट तो ओळखतो. कोडमध्ये मात्र आकडे इंग्रजीच लिहावे लागतात. जावास्क्रिप्ट ही दुसरी भाषा मराठी आकडे ओळखत नाही.

पावसाळ्यात वीज जाते, नेटवर्क जाते, हे कोकणात सांगायला नको. लिहिलेले गेले की उमेदही जाते. यावर गिट हे प्रोग्रॅमच्या आवृत्त्यांची नोंद ठेवणारे फुकट साधन आहे, आणि ते पहिल्या आठवड्यातच शिकवावे. लिनस टोरवाल्ड्स यांनी ते २००५ मध्ये तयार केले. अनेकांना वाटते की गिटला इंटरनेट लागते. ते लागते फक्त काम दुसरीकडे पाठवताना. नोंद करणे, जुनी नोंद पाहणे, मागे फिरणे हे सगळे आपल्याच संगणकावर होते. सुरुवातीला पाच आज्ञा पुरतात: इनिट, ॲड, कमिट, डिफ, लॉग. प्रोग्रॅम थोडा जरी पुढे गेला की कमिट, म्हणजे नोंद, करायचे आणि सोबत एक वाक्य लिहायचे, मराठीतसुद्धा चालते: 'मिनिटे दोन अंकी केली', 'अमावास्या अजून चुकते'. असे केले की मोडतोड करायची भीती राहत नाही, कारण चालणारी आवृत्ती मागे शाबूत असते. फायनल, फायनल-२, फायनल-नवीन अशा फाइलींची रास लावायची गरज उरत नाही. पायथॉन उतरवायला तीसेक एमबी लागतात, त्याच्यासोबत आयडल हा लिहायचा एडिटर येतो, माहितीपुस्तिका आधी उतरवून ठेवता येते. चार जीबी मेमरीच्या जुन्या संगणकावर हे सगळे नीट चालते. अँड्रॉइड स्टुडिओसारखे साधन किमान आठ जीबी मागते, ते पहिल्या वर्षी कोणाच्या गळ्यात मारू नये. संगणक हळू चालतो आणि मूल समजते की आपण हळू आहोत.

कृत्रिम बुद्धिमत्तेच्या साधनांबद्दल थोडक्यात. संदेश चिकटवला की दुरुस्त प्रोग्रॅम मिळतो, आणि तिथे शिकणे थांबते. बंदी घालून उपयोग नाही. नियम एवढाच करावा की विचारण्याआधी स्वतःचा अंदाज एका ओळीत कागदावर लिहायचा. अंदाज चुकला तरी चालेल, पण लिहिलेला हवा.

चुकांशी मैत्री करा म्हणताना ढिलाईला मुभा मिळते, असा आक्षेप काही सहकारी घेतात. तो गंभीर आहे. आंब्याच्या पेट्यांचे बिल करणारा प्रोग्रॅम पैशांत चुकला तर बागायतदाराचे नुकसान होते. दशांशात ०.१ आणि ०.२ यांची बेरीज संगणक ०.३०००००००००००००००४ देतो, म्हणून रक्कम रुपयांच्या अपूर्णांकात न ठेवता पैशांच्या पूर्णांकात ठेवावी, हे शिकवलेच पाहिजे. उत्तरे आधी कागदावर काढून मगच प्रोग्रॅम चालवावा: १, ४, ५, १५, ३०, आणि मुद्दाम चुकीचे ०, १६, रिकामे, 'पाच'. भरतीच्या प्रोग्रॅमवर विसंबून कोणी होडी पाण्यात घालू नये, हेही त्याच्या पहिल्या ओळीत लिहिलेले असावे. जो आपल्या कामात काय चुकते ते लिहून ठेवतो, त्याच्याच कामावर दुसऱ्याला विश्वास ठेवता येतो.

म्हणून शिक्षकांना, महाविद्यालयांना आणि खासगी वर्गांना विनंती अशी. जर्नलमध्ये उजव्या पानावर प्रोग्रॅम असतो, डावे पान कोरे राहते. ते चुकांना द्यावे. प्रॅक्टिकलच्या २५ गुणांपैकी ५ त्या पानाला ठेवावेत. मुले खोट्या चुका रचून लिहितील अशी भीती असेल, तर व्हायवात, म्हणजे तोंडी परीक्षेत, एवढेच म्हणावे: ही चूक पुन्हा करून दाखव, आणि मग दुरुस्त कर. ज्याने ती भोगली आहे तो अर्ध्या मिनिटात दाखवतो. वेळ पुरत नसेल तर दोन प्रॅक्टिकलना दोन प्रोग्रॅम घेण्याऐवजी एकच घ्यावा, दुसऱ्या दिवशी तोच मोडून सुधारायचा. आणि शिक्षकांनी आठवड्यातून एकदा तरी तयार कोड न आणता मुलांसमोर कोरी फाइल उघडून लिहावे. संदेश आला की तो मोठ्याने, खालून वर वाचावा. अनुभवी माणूसही अडतो आणि न घाबरता पुढे जातो, हे मुलांना डोळ्यांनी दिसू दे.

पालकांनीही घरी आल्यावर किती गुण पडले याच्या आधी आज काय चालले नाही, असे विचारून पाहावे.

नमुन्यादाखल भरतीच्या प्रोग्रॅमचे डावे पान असे असेल.
संदेश: टाइपएरर, ओळ २.
माझा अंदाज: ०.७५ लिहिताना काही चुकले.
खरे कारण: ओळ १ मध्ये तिथी अक्षर म्हणून आली, आकडा केला नव्हता.
उपाय: इनपुटला इंट लावले.
संदेश न येता सापडलेली चूक: ३.७५ म्हणजे ३:७५ धरले होते. मिनिटांत हिशेब केला.
तपासलेल्या तिथी: १, ४, ५, १५, ३०.
अजून चुकते: वृद्धी तिथीला दोन दिवस एकच वेळ येते.

आपले,
प्रोग्रॅमिंग शिकवणारे काही शिक्षक,
रत्नागिरी व सिंधुदुर्ग